मंत्रीसाहेब, खोडदच्या गाडीचं काय झालं?

मा. मंत्रीमहोदय,
स.न.वि.वि.

आमच्या तालुक्यात स्टेजवरून तुम्हीच बोलला होता की २८ फेब्रुवारीला, विज्ञान दिनाला, इथली लेकरं पुणे जिल्ह्यातल्या खोडदची रेडिओ दुर्बीण बघायला जातील, गाडीचा खर्च सरकारचा. काल निरोप आला, निधी नाही, सहल रद्द. कारण विचारलं तर फोन कट.

गाडी बुक करा, बिल नंतर काढू, असं तुमच्याच माणसानं सांगितलेलं म्हणून अ‍ॅडव्हान्स मी खिशातून भरला. पगार वेळेवर होत नाही, कर्जाचा हप्ता बाउन्स झाला, घरात रोज भांडण, आणि गावात तोंड दाखवायची सोय राहिली नाही.

दिवाळीपासून मी वर्गात सांगत होतो की खोडदला, नारायणगावजवळ, या दुर्बिणीच्या ४५ मीटर व्यासाच्या ३० डिश आहेत, खगोलशास्त्रज्ञ गोविंद स्वरूप सरांच्या टीमनं पातळ तारांची जाळी ताणून कमी खर्चात बनवल्यात. अवकाशातल्या धुळीच्या ढगाआडचं साध्या दुर्बिणीला दिसत नाही, पण रेडिओ लहरी त्यातून आरपार येतात, भर दिवसाही पकडता येतात. थंड हायड्रोजन २१ सेंटिमीटरची लहर सोडतो, ती येताना किती लांबली किंवा आखडली त्यावरून आकाशगंगेतला वायू कुठल्या वेगानं फिरतोय ते कळतं. हे फळ्यावर शिकवलं तर एक पोरगी म्हणली, सर, मला त्या लहरीचा खरा आलेख बघायचाय. तिचे मायबाप ऊसतोडीला गेलेत. ती फक्त या सहलीसाठी आजीजवळ राहिली, नाहीतर आज कोपीवर (ऊसतोड मजुरांच्या खोपटात) धाकट्या भावाला सांभाळत बसली असती. तिला आता मी काय सांगू?

आणि निधी नाही म्हणता? स्क्वेअर किलोमीटर अ‍ॅरे या आंतरराष्ट्रीय रेडिओ दुर्बिणीला १२५० कोटी मंजूर झाले, आपल्या हिंगोलीत औंढ्याला लायगो वेधशाळा होतेय (तिथं गुरुत्वीय लहरी, म्हणजे अवकाशाचीच बारीक थरथर मोजणार, रेडिओ नाही) त्याला २०२३ मध्ये २६०० कोटी. ते पैसे योग्यच आहेत, रुपयाही कमी करू नका. पण त्या यंत्रांवर उद्या बसणार कोण, सगळी पुण्या-मुंबईचीच पोरं का? आमच्या प्रयोगशाळेत धड भिंग नाही, अर्धं वर्ष सर्वे, इलेक्शन ड्युटी अन् ऑनलाइन माहिती भरण्यात जातं, शिकवायचं कधी? मराठवाडा म्हणलं की तुम्हाला टँकर आठवतो, तोही वेळेवर येत नाही. तुमच्या सभेला गावोगाव गाड्या फिरतात, तेव्हा डिझेल कुठून येतं?

गाडी पाठवा. २८ तारीख जमत नसेल तर दुसरी तारीख द्या, भाषणात नको, कागदावर सहीनिशी. आणि माझा अ‍ॅडव्हान्स परत करा.

एक विज्ञान शिक्षक, बीड जिल्हा