चौतिसावी खेळी

कोल्हापूर,
रविवार रात्र

चि. सईस,
अनेक आशीर्वाद.

फोनवर तू हो-नाहीच्या पलीकडे बोलत नाहीस आणि मलाही हे फोनवर सांगायला जमणार नाही, म्हणून लिहायला बसलोय.

बुद्धिबळ स्पर्धेच्या नवव्या फेरीनंतर तू हॉलबाहेर आलीस तेव्हा मी पहिलं वाक्य काय बोललो, ते रोज आठवतं. "बरोबरी का नाही घेतलीस?" साधं पाणीसुद्धा विचारलं नाही. अर्धा गुण मिळाला असता तर महिला इंटरनॅशनल मास्टर किताबासाठी लागणारा तुझा पहिला नॉर्म, म्हणजे स्पर्धेतली ठराविक दर्जाची कामगिरी, झाला असता. सकाळपासून माझ्या डोक्यात तेवढंच घोळत होतं. तू आत डाव खेळत होतीस आणि मी बाहेर अर्धा गुण मोजत बसलो होतो.

तू चोळामोळा करून टाकलेली स्कोअरशीट मी उचलून आणली आहे. गेले आठ दिवस जेवणं झाली की तो डाव पटावर लावून बघतो. एकोणिसाव्या खेळीला समोरच्या मुलीने बरोबरी विचारली, तिथे तू खूण केली आहेस. तेव्हा तुझे दोन्ही उंट मोकळे आणि तिचा घोडा पार कडेला अडकलेला. एवढं मला दिसतं, तर तुला किती दिसलं असेल! तू नाही म्हणालीस ते योग्यच होतं. पुढे प्यादंही मिळवलंस. डाव फिरला तो चौतिसाव्या खेळीला. हत्तीने दुसरं प्यादं मारायला गेलीस आणि तिचा हत्ती तुझ्या दुसऱ्या ओळीत येऊन बसला. म्हणजे चूक झाली ती पंधरा खेळ्यांनंतर, आणि मी तुला बोललो ते त्या डावातल्या तुझ्या सगळ्यात चांगल्या निर्णयावरून. सई, माझं चुकलं.

किताबांचं हे वेड घरात मीच आणलं. तू आठ वर्षांची असताना कपाटाच्या दाराच्या आतून मी तक्ता चिकटवला होता. महिला इंटरनॅशनल मास्टरला २२०० रेटिंग, महिला ग्रँडमास्टरला २३००, ग्रँडमास्टरला २५००, आणि प्रत्येकासमोर नॉर्मसाठी तीन रिकामे चौकोन. जिना चढतात तसं एकेक पायरीने वर जायचं, असं मी धरून चाललो होतो.

दिव्या देशमुख जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातल्या बातुमीला महिला वर्ल्ड कप खेळायला गेली, तेव्हा तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. मानांकन पंधरावं. माझ्या तक्त्यात तिचे तिन्ही चौकोन रिकामे राहिले असते. पण तो कप जिंकणाऱ्या खेळाडूला ग्रँडमास्टर किताब थेट मिळतो, आणि आपली नागपूरची ही एकोणीस वर्षांची मुलगी भारताची ८८वी ग्रँडमास्टर होऊनच परतली. उपांत्य फेरीत माजी जगज्जेती तान झोंगयीविरुद्धचा दुसरा डाव आठवतो ना? १०१ खेळ्या! दोघींच्याही हातून चुका झाल्या, पारडं इकडून तिकडे गेलं, तरी दिव्या पटावरून हलली नाही. त्या दिवशी तू जेवणाचं ताट बाजूला सारून स्क्रीनसमोर बसली होतीस.

अंतिम फेरीत समोर कोनेरू हंपी होती. हंपी ग्रँडमास्टर झाली २००२ साली, पंधराव्या वर्षी. तेव्हा दिव्याचा जन्मही झाला नव्हता. आणि बाळंतपणानंतर पटावर परत येऊन तिने २०१९ आणि २०२४ असं दोनदा रॅपिडचं, म्हणजे झटपट डावांचं, जागतिक विजेतेपद मिळवलं. अंतिम फेरीचे दोन्ही क्लासिकल, म्हणजे लांब वेळेचे, डाव बरोबरीत सुटले, मग रॅपिडमध्ये घड्याळ संपत आलेलं असताना हंपीचं चुकलं. दिव्याला रडू आवरेना, तिने आईला घट्ट मिठी मारली. ते बघून मी तुला काय म्हणालो? "बघ, एका दिवसात ग्रँडमास्टर." समोर आईच्या कुशीत रडणारी पोर होती आणि मला किताब दिसला.

प्रवीण ठिपसे सरांबद्दल मी तुला कधी सांगितलंच नाही, कारण त्यांची गोष्ट माझ्या तक्त्यात बसत नव्हती. सात वेळा राष्ट्रीय विजेते. भारतात विश्वनाथन आनंद १९८८ मध्ये पहिला ग्रँडमास्टर झाला, दिब्येंदू बरुआ १९९१ मध्ये, आणि ठिपसे तिसरे, १९९७ मध्ये. पस्तिशी केव्हाच ओलांडली होती. महाराष्ट्राचा पहिला ग्रँडमास्टर व्हायला इतकी वर्षं गेली. तो किताब नव्हता तेव्हाचे त्यांचे डाव काय कमी होते?

आणि रोहिणी खाडिलकर. १९७६ मध्ये तेरा वर्षांची, म्हणजे तुझ्याहून एका वर्षाने लहान, ती पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली तेव्हा केवढा गदारोळ झाला होता. शेवटी जागतिक संघटनेचे अध्यक्ष मॅक्स यूवे यांनी निर्णय दिला की अशा स्पर्धांतून बायकांना अडवता येणार नाही. तू खुल्या गटात मुलांसमोर बसतेस, दाढीवाल्या काकांना हरवून येतेस, त्यात आपल्याला आज काही विशेष वाटत नाही. ती वाट या मुलीने पाडून दिली. पुढे ती १९८१ आणि १९८३ मध्ये आशियाई विजेती झाली, पण मला ते तेरा वर्षांचं कोवळं वय जास्त मोठं वाटतं.

तक्ता मी काल काढला. डिंक इतका मुरलाय की दारावर चार पिवळे डाग राहिले आहेत. आई म्हणते, राहू देत.

पुढच्या स्पर्धेला जायचं की नाही, ते तू ठरव. आत्यालाही मी सांगितलंय की तुला कुणी विचारायचं नाही. खेळायचं नसेल तर महिनाभर नको खेळूस. आणि खेळलीस आणि एकोणिसाव्या खेळीला परत कुणी बरोबरी विचारली, तर तेव्हाही पटाकडे बघूनच उत्तर दे. बाहेर बाबा बसलाय हे विसरून जा.

शनिवारी सकाळच्या गाडीने पुण्याला येतोय. आईने शेंगदाण्याची चटणी आणि तुझे बेसनाचे लाडू बांधून दिलेत. पट लावून ठेव. चौतिसाव्या खेळीला ते प्यादं न मारता हत्ती मागे घेतला असता, तर तिने पुढे काय केलं असतं? आठ दिवस डोकं लावतोय, मला काही सापडत नाही. तू दाखव.

तुझा,
बाबा