मला परत पाठवणाऱ्या काकाजींना

काकाजी, नमस्कार.

नातवाकडून वाचून घ्याल, म्हणून मोठ्यानं वाचता येईल असंच लिहिते. बाकीच्यांनीही ऐकावं.

अंगभर कापूस चिकटवलेली एक बाई खरेदी केंद्राच्या काट्यावर बसते आणि स्वतःला विकायला काढते, एवढीच माझ्या व्हिडिओची गोष्ट. ती ऐकून काहींनी माझ्या लग्नाचं विचारलं, काहींनी तब्येतीचं. तुम्ही विचारलं, "ओल किती धरायची?"

ग्रेडरच्या, म्हणजे कापसाची प्रत ठरवणाऱ्याच्या, कामाला मी नागपूरहून नट बोलावणार होते. तो आला नाही, बरंच झालं. त्यानं अभिनय केला असता. जन्मभर मापाडी राहिलेले तुम्ही नुसतं काम करत होता. ८ टक्के ओलीला पूर्ण भाव, १२ पर्यंत कटती, त्याच्या वर गेली की गाडी परत. मीटर माझ्या काखेत खुपसून तुम्ही "चवदा" म्हणालात, तेव्हा मला खरोखर लाज वाटली. मग माझ्या केसांतून सरकी काढून दाताखाली फोडलीत. हे मी लिहिलेलं नव्हतं. "कवडी हाय," म्हणालात, म्हणजे खराब कापूस, आणि पुढच्या गाडीला हात केलात. कॅमेरा धरणारी पोरगी हसायला लागली, चित्र हललं. ते हललेलं चित्र मी तसंच ठेवलंय.

आदल्या रात्री ब्रूस नॉमन या अमेरिकन कलावंताचं १९८७ सालचं काम मी तुम्हाला मोबाईलवर दाखवलं होतं. त्यात विदूषक "नाही, नाही" ओरडत आपटतो, थांबतच नाही. मी समजावून सांगणार, तेवढ्यात तुम्ही म्हणालात, "याचं सोंग उतरून नाही राहिलं." कला महाविद्यालयात यावर तासभर बोलणं झालं होतं. (फुकटच, असं आता वाटतं.)

मंदिरामागच्या भिंतीवर व्हिडिओ दाखवला तेव्हा माणसं आधी खूप हसली, चवदा आकडा आल्यावर जरा चुळबुळली. विकलेल्या मालाच्या पैशांसाठी कोणी तरी ओरडलं, "चुकारा कधी भेटन?" आपल्याकडे पोळ्यानंतर मारबतीचे पुतळे मिरवणाऱ्यांना असली थट्टा समजावून सांगावी लागत नाही. तरी एका पाहुण्यांना गावाची बदनामी दिसली आणि ते बंद करायला उठले. तुम्ही खुर्ची ओढून प्रोजेक्टरपुढे बसलात, भिंतीवर अर्धं चित्र तुमच्या टोप्याचंच. उरलेला व्हिडिओ लोकांनी तसाच पाहिला.

त्याबद्दल आभार. मानधनाचं पाकीट तुम्ही परत केलंत, ते काकूंकडे दिलंय, त्यांनी नाही म्हटलं नाही.

एक विनंती आहे. पुढच्या कामात तुम्हाला तिरडीवर झोपून स्वतःच्याच सातबाऱ्याची नक्कल मागायची आहे, आणि तलाठी सांगणार, "अर्जदारानं समक्ष उभं राहावं." तूर निघाली की करू. काकूंना आधी विचारा, मग कळवा.

तुमची,
काट्यावरची पोरगी