वताराची गंमत मराठीत कधी?

संपादक महोदय,
आमच्या मिरजेत निम्म्या घरांत कानडी कळते. तरीही फणी रामचंद्र यांचा १९९० सालचा कन्नड चित्रपट ‘गणेशन मदुवे’ (गणेशचे लग्न) फारसा कुणी पाहिलेला नाही, याचे नवल वाटते. बंगळुरूतला वतार म्हणजे आपला भाडेकरूंचा वाडाच. भिंतीला भिंत लागून, त्यामुळे भांडणही घरपोच! अनंत नागचा गणेश घरमालकाच्या मुलीशी, आदिलक्ष्मीशी, रोज हुज्जत घालतो आणि ‘श्रुती’ नावाच्या न पाहिलेल्या गायिकेच्या आवाजावर जीव टाकून तिला पत्रे लिहितो. ती श्रुती म्हणजेच आदिलक्ष्मी (विनया प्रसाद), हे प्रेक्षकाला कळते, त्याला नाही. वाड्याची जुनी शिस्त आणि परस्पर जुळणारे नवे प्रेम एकाच अंगणात भिडतात, तेही उपदेशाशिवाय. घरमालक झालेले अभिनेते ‘मुख्यमंत्री’ चंद्रू तर केवळ चेहऱ्याने हसवतात.

अनंत नाग तरुणपणी मुंबईत मराठी रंगभूमीवरही वावरले आहेत, म्हणजे माणूस परका नव्हे. दाक्षिणात्य हाणामारीपट हिंदीत डब होऊन दिवसभर आदळत असतात. असा एखादा चित्रपट मराठी उपशीर्षकांसह एखाद्या वाहिनीने दाखवावा.

— एक वाचक, मिरज