चौकातला उजेड

गावभाग, सांगली.

प्रिय सुधाकर,
सप्रेम नमस्कार.

सिनेमाचे छायाचित्रकार सुब्रत मित्र यांच्या छायाचित्रणात असे काय आहे, असे तू विचारले होतेस. उत्तर लांबले, कारण ते आमच्या वाड्याच्या चौकात बसूनच लिहायचे होते. आत्ता आभाळ भरून आले आहे आणि तुळशीपाशी मावशी वाती वळत बसली आहे. चेहऱ्यावरची सुरकुती न् सुरकुती दिसते, पण नाकाची सावली गालावर पडलेली नाही. तिच्या पंच्याहत्तरीला मी समोरून फ्लॅश मारून फोटो काढला, तेव्हा कपाळ चुन्यासारखे पांढरे झाले आणि मागच्या भिंतीवर काळी सावली चिकटली. तो फोटो अजून कुणाला दाखवलेला नाही.

हा चौकातला उजेड सुब्रतबाबूंना १९५६च्या ‘अपराजितो’साठी कलकत्त्याच्या स्टुडिओत निर्माण करावा लागला. पावसाच्या धास्तीने काशीतल्या घराचा सेट उघड्यावर न उभारता आत बांधायचे ठरले. असा आभाळाचा, सावली न पडणारा उजेड दिव्यांनी साधणार नाही, म्हणून ते दिग्दर्शक सत्यजित राय आणि कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त या दोघांशीही भांडले. ते भांडण हरल्यावर मात्र त्यांनी चौकाच्या माथ्यावर पांढरे कापड ताणले, खालून दिव्यांचा झोत त्यावर सोडला आणि कापडावरून परतलेला उजेड तेवढा माणसांवर पडू दिला. आज लग्नातला फोटोग्राफरही पांढऱ्या छत्रीवर फ्लॅश मारतो, पण तेव्हा स्टुडिओत थेट दिव्यांचाच रिवाज होता.

हे करणाऱ्याने रायांच्या पहिल्या चित्रपटापूर्वी, ‘पथेर पांचाली’पूर्वी, सिनेमाचा कॅमेरा चालवलेलाही नव्हता! फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रन्वार यांच्या बंगालमधील चित्रीकरणात काम मिळाले नाही, तेव्हा नुसते पाहायची परवानगी घेऊन ते दिव्यांच्या जागांच्या आकृत्या वहीत काढत राहिले, आणि एकविशीत रायांनी त्यांच्या हाती कॅमेरा दिला. ‘नायक’पर्यंत दोघांनी १० चित्रपट केले. ‘तीसरी कसम’मधली बैलगाडी आपल्याकडे सर्वांना आठवते, तिचे छायाचित्रणही त्यांचेच, पण नाव कुणी घेत नाही. मला मात्र ‘चारुलता’ सर्वांत प्रिय आहे. तिथे बंद घरातला दुपारचा उजेड कुठल्या दिव्यातून आला, हे कितीही पाहिले तरी सापडत नाही.

परवा मीही चौकावर धुतलेले धोतर बांधून पाहिले. मावशीने वर पाहून विचारले, “वाळत घालायला तुला दुसरी जागा मिळाली नाही का?” त्या क्षणीचा फोटो सोबत पाठवत आहे.

तुझा,
वसंत