ब्रो ब्रिजच्या मॉमॉकडे शिकलेला गंबो

प्रिय चिमे,

तुझा मेसेज आला तेव्हा माझ्या एका हातात उलथनं होतं आणि समोर पातेल्यात गंबोचा रू, म्हणजे तेलातला मैदा, भाजत होता, हात थांबवता येत नव्हता म्हणून नुसता अंगठा पाठवला, रागावू नको. आता रात्रीचे साडेअकरा झालेत, घर झोपलंय, माझ्या केसांना अजून कांद्याचा आणि धुरी दिलेल्या सॉसेजचा वास येतोय आणि तुला सगळं सांगितल्याशिवाय मला झोप येणार नाही. फोन केला असता, पण फोनवर आपण दोघी एकदमच बोलतो आणि राहायचं ते राहून जातं.

तर ऐक. आम्हाला लाफायेतला येऊन आता दीड वर्ष झालं. लुइझियाना म्हटलं की सगळ्यांना न्यू ऑर्लिन्स आठवतं, पण हे तिथून सव्वादोन तास पश्चिमेला, मधे अचाफलायाची अफाट दलदल, तिच्यावरून मैलोन्‌मैल पूल जातो आणि खाली पाण्यात सायप्रसची झाडं उभी असतात. हा केजन लोकांचा मुलूख. पहिले सहा महिने मी नुसती घरात बसून होते हे तुला माहितीच आहे.

मग मॉमॉ भेटली. भेंडीमुळे भेटली गं! मागच्या ऑगस्टमध्ये शनिवारच्या बाजारात मी भेंडी निवडत होते, आपण निवडतो तशीच, टोक मोडून, कट्‌ आवाज आला की कोवळी. बाजूला एक म्हातारी उभी राहून बघत होती, मला वाटलं आता ही बोलणार काहीतरी. ती म्हणाली, माझी आई अशीच घ्यायची, आणि स्वतः दोन मोडून दाखवल्या. मग विचारलं याचं करणार काय. मी म्हटलं, कांदा मिरची घालून परतणार, तार जावी म्हणून दोन आमसुलं टाकणार. ती खुलली एकदम, म्हणाली आम्ही व्हिनेगर टाकतो किंवा टोमॅटो, त्याच कारणासाठी. तिथेच उन्हात अर्धा तास बोललो आम्ही. त्र्याऐंशी वर्षांची आहे, ब्रो ब्रिज गावात बायू तेश नावाच्या संथ ओढ्याच्या काठाजवळ राहते, घरातले सगळे तिला मॉमॉ म्हणतात म्हणजे आजी, आणि मलाही तिने तेच म्हणायला लावलं. निघताना म्हणाली, पहिला थंड वारा सुटला की ये, गंबो शिकवते. गंबो म्हणजे इथला भातावर घ्यायचा रस्सा.

इथे ते असंच असतं. ऑक्टोबरात उत्तरेकडून पहिली थंडी उतरली की ज्याच्या त्याच्या घरात गंबोचं पातेलं चढतं, आपल्याकडे पहिल्या पावसाला भजी होतात ना तसं.

आता रू बद्दल सांगते, कारण सगळा जीव त्याच्यात आहे. एक कप तेल, एक कप मैदा, बास. मॅग्नलाइटचं जाड अ‍ॅल्युमिनियमचं पातेलं, तिच्या लग्नात मिळालेलं, आतून साठ वर्षांच्या घासण्याने चांदीसारखं झालेलं. मंद आचेवर हलवत राहायचं. तू म्हणशील बेसन भाजण्यासारखंच की, मलाही तेच वाटलं आणि मी निवांत होते, लाडवांचं बेसन मी कितीदा भाजलंय. पण बेसन आपण जिथे थांबवतो ना, तो सोनेरी रंग आणि खमंग वास, तिथे हिचं जेमतेम अर्धं झालेलं असतं! आधी वाळूचा रंग, मग शेंगदाण्याच्या कुटाचा, मग जुन्या तांब्याच्या नाण्याचा, आणि तिथून पुढे काळ्या चॉकलेटपर्यंत न्यायचं, पाऊण तास तरी जातो. प्रत्येक टप्प्याला माझा हात गॅस बंद करायला जायचा, इतक्या वर्षांची सवय गं, आणि प्रत्येक वेळी ती म्हणायची, ब्रास, ब्रास. म्हणजे हलव, हलव.

पहिला रू माझ्या हातून जळला. शेवटच्या टप्प्यात ह्याचा फोन आला, मी फक्त नाव बघायला मान वळवली, तेवढ्यात तळाशी काळे ठिपके दिसले, मोहरीएवढे. ठिपके आले की गेलं, मग त्यात काहीही घाला, कडूच लागणार. मला इतकं वाईट वाटलं, डोळ्यांत पाणीच आलं. मॉमॉ काही बोलली नाही. पातेलं बाहेर नेऊन रिकामं केलं, धुतलं, पुसलं, परत तेल मोजलं, परत मैदा मोजला आणि उलथनं माझ्याच हातात दिलं. दुसऱ्या वेळी खांदा भरून आला तेव्हा म्हणाली, लाश पा ला पाताट, म्हणजे शब्दशः बटाटा सोडू नकोस, धीर धर अशा अर्थाने हे लोक म्हणतात. आणि माझ्या मागे उभी राहून तिने नाकाने सांगितलं कधी थांबायचं ते. खरंच सांगते, डोळ्यांनी नाही. भाजक्या शेंगदाण्याचा वास जाऊन कॉफीसारखा वास सुरू झाला त्या क्षणाला ती म्हणाली आता, आणि चिरलेला कांदा एकदम टाकला. असा चर्रर्र आवाज झाला की तिचा कुत्रा उठून बाहेर गेला. कांदा पडला की रूचा ताप उतरतो, पुढे जळत नाही, म्हणून कांदा, सेलरी, ढोबळी मिरची हे तिन्ही आधीच चिरून बाजूला ठेवायचं. या तिघांना इथे ट्रिनिटी म्हणतात. मग लसूण, मग गरम स्टॉक थोडा थोडा, मग परतलेलं आंदुई, म्हणजे धुरी दिलेलं सॉसेज, आणि कोंबडी. कोंबडी जून हवी, कोवळी विरघळून जाते. अडीच तास शिजलं. आणि एक गंमत सांगते, रू जितका काळा तितका रस्सा कमी दाट होतो, त्यामुळे गंबो पातळच असतो, आपल्या आमटीसारखा भातावर ओतायचा. भाताला पाणी किती तर बोटाचं पहिलं पेर बुडेल इतकं. तिने पातेल्यात बोट घातलं तेव्हा मला माझी आजी दिसली, अगदी तशीच घालायची.

पण मला तुला मुख्य सांगायचंय ते वेगळंच. दिवसभर मॉमॉ माझ्याशी इंग्रजीतच बोलते, छान बोलते. पण पातेल्यापाशी उभी राहिली की तिची भाषा बदलते. पातेल्याला ती शोदियेर म्हणते, कोळंबीला शेव्हरेत, भेंडीला फेव्ही. मी विचारलं घरात सगळे फ्रेंच बोलतात का, तर गप्प झाली. मग सेलरी चिरता चिरता सांगितलं. शाळेत गेली तेव्हा तिला इंग्रजीचा एक शब्द येत नव्हता. लुइझियानाच्या 1921 च्या राज्यघटनेने इथल्या शाळांत फक्त इंग्रजी असा नियम केला होता. पहिल्या आठवड्यात लघवीला जायचं होतं, इंग्रजीत कसं विचारायचं माहीत नाही, फ्रेंचमध्ये विचारलं तर शिक्षा, म्हणून गप्प बसली आणि बाकावरच झालं. आणि नंतर मैत्रिणीशी पटांगणात फ्रेंच बोलली म्हणून मी शाळेत फ्रेंच बोलणार नाही हे वाक्य दोनशे वेळा लिहायला लावलं, ते पण इंग्रजीत, जे तिला वाचताही येत नव्हतं. चिमे, हे सांगताना ती सेलरी चिरतच होती, एकसारखे तुकडे, सुरी थांबली नाही.

त्यामुळे तिने आपल्या चारही मुलांना फ्रेंच शिकवलंच नाही. आपल्यासारखं त्यांचं व्हायला नको म्हणून. पण स्वयंपाक करताना तोंडातून यायचं ते यायचंच, ते तिच्या हातात नव्हतं. तर आता तिचा साठीचा मुलगा, त्याला फ्रेंचमध्ये एक धड वाक्य बोलता येत नाही, पण हलव, झाकण ठेव, मीठ बघ, पुरे, आणखी वाढ, हे सगळं येतं. एवढीच भाषा त्याच्याकडे पोचली, चुलीजवळची. तो स्वतः हे हसत सांगत होता आणि मला हसता आलं नाही.

आणि ही माणसं आधीच काय काय सोसून आलेली आहेत बघ. मूळची ही कॅनडातल्या अकेडियाची, आताच्या नोव्हा स्कोशियाच्या बाजूची. 1755 मध्ये इंग्रजांनी गावंच्या गावं जहाजात कोंबून बाहेर काढली, घरं जाळली, नवरा एका जहाजात तर बायको दुसऱ्या. दहा वर्षांनी, 1765 मध्ये बोसोलेई ब्रुसार नावाचा त्यांचा पुढारी सुमारे दोनशे जणांना घेऊन इथे पोचला. 1785 मध्ये फ्रान्सहून आणखी सात जहाजं भरून आली, सोळाशेच्या आसपास माणसं. अकेडियनचं काडियन आणि त्याचं केजन. इथे गहू धड येईना, मग भात धरला. पण मॉमॉ एक गोष्ट ठासून सांगते की हे पातेलं आमच्या एकट्यांचं नाही. भेंडी आली ती गुलाम करून आणलेल्या आफ्रिकन लोकांबरोबर, गंबो हा शब्दच तिकडच्या भाषेतला भेंडीचा शब्द. आणि फिले, म्हणजे सॅसाफ्रासच्या पानांची हिरवट पूड, ती इथल्या मूळच्या चॉक्टॉ लोकांची. फिले गॅस बंद करून वरून घालायचं, उकळलं तर तार सुटते. आम्ही पानात घेतल्यावर घातलं. आणि गंबोच्या वाडग्यात मधोमध एक डाव बटाट्याचं सॅलड ठेवतात गं, थंडगार, मी आधी दचकले, पण खाऊन बघशील तर तूही तसंच खाशील.

तिखट म्हणशील तर फारसं नाही. तुमच्याकडे पुण्यात हॉटेलात केजन म्हणून जे काही लाल मसाला फासून देतात ना, ते विसर. काळा करपवलेला मासा पण ऑपलूससच्या पॉल प्रुडोम नावाच्या शेफने ऐंशीच्या दशकात गाजवला, मॉमॉने घरी एकदाही केलेला नाही. तिच्या घरचं म्हणजे सगळं सावकाश, झाकण ठेवून, तळाला लागलेलं खरवडून परत रश्शात घेतलेलं.

मार्चमध्ये तिने क्रॉफिश एतुफे पण शिकवलं. क्रॉफिश म्हणजे लहान शेवंडासारखे दिसतात, गोड्या पाण्यातले, आणि चक्क भाताच्या शेतात वाढवतात! भात कापला की शरदात शेतात पाणी सोडतात आणि पिंजरे लावतात. मला आपली मिरगाच्या पावसातली कुर्ल्यांची रात्र आठवली, तू, मी आणि दादा, एक कंदील, आणि तुझी चप्पल चिखलात राहिलेली. एतुफे म्हणजे गुदमरवलेलं, लोणी आणि कांद्यात झाकून शिजवलेलं. डोक्यातला पिवळा गर टाकून द्यायचा नाही, चव त्यातच असते, आपण कुर्लीचा टाकतो का कधी.

मॉमॉची पणती सात वर्षांची आहे. 1968 मध्ये राज्याने फ्रेंच जपायला कोडोफिल नावाची संस्था काढली, आता इथल्या काही शाळांत बरेचसे विषय फ्रेंचमधून शिकवतात, ही पोरगी तशा शाळेत जाते. आज ती कोळंबीला क्रेव्हेत म्हणाली, मॉमॉ म्हणाली शेव्हरेत, पोरगी म्हणाली आमच्या बाई क्रेव्हेत म्हणतात. मॉमॉने मान डोलावली आणि म्हणाली ठीक आहे, शाळेत क्रेव्हेत, माझ्या घरात शेव्हरेत. आणि मला आपण दोघी आठवलो. खंय म्हटलं की कुठे म्हण, माका म्हटलं की मला म्हण, आपल्याला कोणी मारलं नाही, पण दहावीपर्यंत आपलं मालवणी घराच्या पायरीवरच राहायला लागलं होतं. माझ्या लेकीला तर तेही येत नाही. आज मी भात वाढताना तिला म्हटलं, पुरे गो? ती म्हणाली, गो म्हणजे कुठे जाऊ?

आता काम सांगते. मी निघताना मॉमॉने माझा हात धरून विचारलं की तू माझ्याकडे सहा महिने शिकतेस, आता मला तुझ्या आजीचं काहीतरी शिकव. पुढच्या रविवारी येतेय आमच्याकडे. तिचा मुलगा इथल्या मेक्सिकोच्या आखातातून मॅकरेल आणणार आहे, इथे स्पॅनिश मॅकरेल मिळतो, दिसायला थेट आपली सुरमई. मी ठरवलंय तिरफळं घालून तिखलं करायचं, तिरफळं आहेत माझ्याकडे, आईने मागे दिलेली. पण चिमे, मी आजीला शंभरदा करताना बघितलं आणि तिरफळं कधी टाकायची ते मला नक्की आठवत नाहीये, मासा टाकायच्या आधी की उकळी आल्यावर, ठेचून की अख्खी. आणि ती शेवटी पातेलं हलवायची, डाव न घालता, दोन्ही कान धरून गोल, त्याला काहीतरी एक शब्द होता, तो मला दिवसभर आठवत नाहीये. काकूंना विचार ना. नुसतं विचारू नको, त्या करत असतील तेव्हा बाजूला उभी राहा आणि फोन चालू ठेव, त्या जे बोलतील ते मालवणीतच रेकॉर्ड कर, मधे मराठी करून सांगू नको. शनिवारपर्यंत पाठव, इथे तुमच्या साडेदहा तास मागे आहे सगळं.

तुझी,
बाबी