पीटर नेस्टलर यांची दखल घ्यावी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला जर्मन सिनेमावरचा लेख वाचला. नवा सिनेमा हवा म्हणणारा तरुण दिग्दर्शकांचा ओबरहाउझेनचा जाहीरनामा, मग हेरझॉग, फासबिंडर, वेंडर्स हे दिग्दर्शक. माहितीपटांना त्यात एक ओळही नाही आणि जर्मन माहितीपटकार पीटर नेस्टलर यांचे नावही नाही, याचे वाईट वाटले.

१९६२च्या त्या जाहीरनाम्यावर सह्या करणाऱ्या २६ जणांत नेस्टलर नव्हते. पण त्याच वर्षी त्यांनी आपला पहिला माहितीपट केला, 'आम झील'. झील म्हणजे पाण्याच्या निचऱ्यासाठी समुद्राच्या बांधाला ठेवलेली उघाडी, आमच्याकडे खारजमिनीच्या बांधाला असते तशी. किनाऱ्यावरच्या लहानशा गावाची हकीकत ही उघाडी स्वतःच सांगते. पुढच्या वर्षीच्या 'आउफझेत्से'मध्ये स्वित्झर्लंडच्या डोंगरी शाळेतली मुले आपलेच निबंध अडखळत, गावाकडच्या हेलात वाचतात. त्यांच्या वतीने बोलायला कुणी निवेदक ठेवलेला नाही. जेमतेम दहा मिनिटांचा हा माहितीपट मला मोठमोठ्या चित्रपटांहून मोलाचा वाटतो.

१९६५ साली त्यांनी ग्रीसवर माहितीपट केला. जर्मन सैन्याच्या ताब्यातली वर्षे आणि त्या उन्हाळ्यातली अथेन्समधली निदर्शने त्यांनी एकत्र मांडली आणि लोकशाहीवरचा धोका उघड बोलून दाखवला. पश्चिम जर्मनीत त्यांच्यावर कम्युनिस्ट म्हणून शिक्का बसला, दूरचित्रवाणीची कामे मिळेनाशी झाली. १९६६मध्ये ते स्वीडनला, आपल्या आईच्या देशात निघून गेले. एप्रिल १९६७मध्ये ग्रीसमध्ये लष्कराने सत्ता बळकावलीच.

स्वीडनमध्ये त्यांनी पत्नी झोका नेस्टलर यांच्यासोबत अनेक माहितीपट केले. त्यांतला युरोपातल्या रोमा आणि सिंती (ज्यांना जिप्सी म्हटले जाई) लोकांवरचा १९७०चा माहितीपट मराठी वाचकांपर्यंत पोचलाच पाहिजे. या लोकांची भाषा मूळची भारतीय कुळातली. नाझींच्या छळछावण्यांतून वाचलेली माणसे त्यात स्वतः बोलतात. पश्चिम जर्मनीच्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयाने १९५६ साली असा निकाल दिला होता की, १९४३पूर्वी या लोकांचा झालेला छळ वांशिक नव्हता. तो वंशसंहार होता हे सरकारने मान्य केले १९८२मध्ये, म्हणजे या माहितीपटानंतर बारा वर्षांनी. भटक्या-विमुक्तांना जन्मजात गुन्हेगार ठरवणारा कायदा आपण भोगला आहे, त्यामुळे त्या साक्षी आपल्याला वेगळ्या समजावून सांगाव्या लागणार नाहीत. नेस्टलर यांनीही हा विषय सोडला नाही. २०२२ साली, वयाच्या पंचाऐंशीव्या वर्षी, त्यांनी याच लोकांच्या नागरी हक्कांच्या लढ्यावर पुन्हा माहितीपट केला.

आपल्या पुरवणीत नेस्टलर यांच्यावर सविस्तर लेख यावा, आणि त्यात झोका नेस्टलर यांचे नाव सहदिग्दर्शक म्हणून बरोबरीने छापावे, ही विनंती. पुण्या-मुंबईच्या फिल्म सोसायट्यांनी मॅक्सम्युलर भवनाच्या मदतीने या माहितीपटांचे खेळ लावावेत. 'आम झील' आणि 'आउफझेत्से' दोन्ही मिळून अर्ध्या तासाचेही नाहीत. एका संध्याकाळी ते रोमांवरच्या माहितीपटासोबत सहज दाखवता येतील.

आपला,
एक वाचक, चिपळूण