माल समुद्रात आणि मुदत संपलेली

महोदय,

परवान्याशिवाय आयातीसाठी सरकारने दिलेली मुदत उलटल्यावर आलेलं कडधान्य कस्टम्सने जप्त केलं, की ‘बरं झालं, व्यापाऱ्यांना असंच हवं’ असं म्हणणारे भेटतात. काही वेळा ते खरंही असतं. २०१९-२० मध्ये वाटाण्याच्या आयातीवर दीड लाख टनांची मर्यादा असताना काहींनी उच्च न्यायालयाच्या अंतरिम आदेशांच्या आडोशाने माल उतरवला. जून २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दंड भरून तो सोडवण्याची वाटही बंद केली. त्याबद्दल हळहळायचं कारण नाही.

पण सगळेच एका माळेचे मणी नसतात. मशीद बंदरातल्या छोट्या आयातदारांची कागदपत्रं कस्टम्सपुढे मांडणं हे माझं रोजचं काम. बिल ऑफ लेडिंग, म्हणजे जहाज कंपनीची मालाची पावती, हातात आलं की आधी नजर जाते ती ‘शिप्ड ऑन बोर्ड’च्या, म्हणजे माल जहाजावर चढल्याच्या तारखेवर. आयात धोरणासाठी साधारणपणे तीच धरतात. म्यानमारच्या यांगून बंदरात जहाज एक दिवस उशिरा भरलं, ३१ मार्चचा १ एप्रिल झाला आणि मुदतवाढ नसली, तर तोच उडीद ‘मुक्त’चा ‘निर्बंधित’, म्हणजे परवाना लागणारा, होतो. परवान्याविना आला म्हणजे कस्टम्स कायद्याच्या लेखी बंदी असलेलाच माल! कलम १११ खाली जप्ती, ११२ खाली दंड, आणि १२५ खाली सोडवू द्यायचा की नाही ते अधिकाऱ्याच्या हातात. तोवर न्हावा शेवाच्या यार्डात भाडं चढतंय, पोत्यांना भुंगे लागताहेत.

म्यानमारचा नवा उडीद बाजारात येतो तोच मुळी फेब्रुवारी-मार्चच्या सुमारास. मुदतवाढ कधी आधी कळते, कधी मार्च उजाडतो. बरं, दिलेली मुदत तरी पाळावी! मुगाला ३१ मार्च २०२२ पर्यंत मोकळीक होती, ११ फेब्रुवारीलाच तो निर्बंधित यादीत गेला.

धोरण मध्येच बदललं तर आधी उघडलेल्या अपरिवर्तनीय लेटर ऑफ क्रेडिटला, म्हणजे पुरवठादाराला पैसे देण्याच्या बँकेच्या हमीपत्राला, संरक्षण आहे. ते बदल झाल्यापासून १५ दिवसांत नोंदवायचं. मोठ्या पेढ्यांना हे जमतं. छोट्याकडे त्या हमीसाठी बँकेत मार्जिन (अनामत) ठेवायला पैसा नसतो, तो पुरवठादाराला आगाऊ रक्कम पाठवतो. तीही बँकेतूनच जाते, तारखेसकट नोंद असते. मग तो पुरावा का चालू नये?

शेतकऱ्याचा भाव पडू नये म्हणून आयात रोखायची तर खुशाल रोखा, लातूर-अकोल्याच्या शेतकऱ्याशी आमचं भांडण नाही. फक्त ३१ मार्चनंतर उडदाचं काय, हे वाणिज्य मंत्रालयाने सौदे होण्यापूर्वी, डिसेंबरातच जाहीर करावं आणि आगाऊ रकमेच्या बँक-नोंदीला लेटर ऑफ क्रेडिटइतकीच किंमत द्यावी.

– कस्टम्स ब्रोकरकडील एक कर्मचारी, मशीद बंदर, मुंबई